वाटणीचे गणित : आधी हिस्से मोजा, मग पैसे

मंडळाच्या अभ्यासिकेत आम्ही काही शिक्षक व महाविद्यालयात शिकणारे काही तरुण मिळून दर रविवारी सकाळी पाचवी ते सातवीच्या मुलामुलींचा गणिताचा वर्ग घेतो. स्मरणिकेसाठी लेख द्या, असा निरोप आला तेव्हा विषयासाठी आम्हांला फार शोधाशोध करावी लागली नाही. बेरीज-वजाबाकी, गुणाकार-भागाकार ज्यांना चांगले येतात अशी मुलेसुद्धा एका प्रकारच्या उदाहरणाजवळ हमखास अडतात. तो प्रकार म्हणजे दिलेल्या गुणोत्तरात वाटणी करणे. हा प्रकार शिष्यवृत्ती परीक्षेत भेटतो, पुढे पोलीस भरतीच्या लेखी परीक्षेत भेटतो, आणि परीक्षेला न बसणाऱ्यालाही संसारात भेटल्यावाचून राहत नाही. म्हणून त्याविषयीच चार गोष्टी येथे मांडत आहोत. विद्यार्थ्यांनी हा लेख वही-पेन्सिल जवळ घेऊन वाचावा. पालकांनी मुलांना शेजारी बसवून वाचला तर अधिकच चांगले.

उरलेले पैसे कोणी नेले?

एका रविवारी आम्ही फळ्यावर एक साधे उदाहरण लिहिले : ३५०० रुपये आनंद आणि प्रज्ञा यांच्यात २ : ५ या प्रमाणात वाटा.

बऱ्याच मुलांनी चटकन भागाकार केला. ३५०० ÷ २ = १७५० म्हणून आनंदचे १७५० रुपये; ३५०० ÷ ५ = ७०० म्हणून प्रज्ञाचे ७०० रुपये. भागाकार दोन्ही अचूक होते. आम्ही एवढेच विचारले, "आता या दोन रकमांची बेरीज करा." बेरीज आली २४५०. मग आम्ही विचारले, "वाटायला घेतले ३५००, वाटले २४५०. उरलेले १०५० रुपये कोणी नेले?" वर्गात हशा पिकला, पण उत्तर कोणालाच देता आले नाही. आणखी एक गंमत अशी की, प्रज्ञाचे ५ आणि आनंदचे २ असे असताना जास्त पैसे आनंदला मिळाले होते!

दोन-तीन मुलांनी वेगळी रीत केली. त्यांनी ३५०० चे दोन-पंचमांश काढले, म्हणजे १४००, ते आनंदला दिले आणि राहिलेले २१०० प्रज्ञाला दिले. येथे बेरीज बरोबर ३५०० येते, जास्त पैसेही प्रज्ञालाच मिळतात. त्यामुळे आपले उत्तर बरोबरच आहे, अशी या मुलांची खात्री होती. पण १४०० : २१०० हे गुणोत्तर सोपे करून पाहिले तर ते २ : ३ येते. आपल्याला हवे होते २ : ५. म्हणजे हेही उत्तर चुकलेच. पहिल्या चुकीपेक्षा ही चूक अधिक फसवी आहे, कारण ती बेरजेत सापडत नाही.

या दोन्ही चुकांचे मूळ एकच आहे. मुलांनी २ आणि ५ या संख्या पाहिल्या, पण त्या कशाच्या संख्या आहेत हे पाहिले नाही. २ म्हणजे दोन रुपये नव्हेत, अर्धा भागही नव्हे. २ म्हणजे दोन हिस्से आणि ५ म्हणजे तसेच, तेवढ्याच आकाराचे पाच हिस्से. सगळी रक्कम मिळून सात हिस्से झाले. हे सात जोपर्यंत मुलाच्या डोळ्यांपुढे येत नाहीत, तोपर्यंत उदाहरण सुटत नाही. सात दिसले की पुढचे काम फक्त एका भागाकाराचे आहे :

३५०० ÷ ७ = ५०० (एका हिश्श्याची किंमत)
आनंद : २ × ५०० = १००० रुपये
प्रज्ञा : ५ × ५०० = २५०० रुपये

बेरीज ३५००, आणि १००० : २५०० म्हणजे २ : ५. दोन्ही कसोट्या लागल्या.

गुणोत्तर म्हणजे काय?

गुणोत्तर हा शब्द पुस्तकात आला की मुले दचकतात. खरे पाहता ते त्यांच्या ओळखीचेच असते. घरी इडलीचे पीठ भिजवताना आई तीन वाट्या तांदूळ आणि एक वाटी उडदाची डाळ घेते. पाहुणे जास्त असले तर सहा वाट्या तांदूळ आणि दोन वाट्या डाळ घेते. वाट्या वाढल्या, पण तांदूळ आणि डाळ यांचे नाते तेच राहिले, ३ : १. स्लॅबचा माल कालवणारा गवंडी एक घमेले सिमेंट, दोन घमेली वाळू आणि चार घमेली खडी सांगतो. तेच १ : २ : ४. त्याने घमेल्याऐवजी बादलीने मोजले तरी माल तोच होईल. माप कोणतेही चालते, मात्र तिन्ही वस्तूंना एकच माप लावले पाहिजे.

यावरून लक्षात ठेवण्याच्या तीन गोष्टी निघतात.

पहिली गोष्ट म्हणजे एकक. ७५ पैसे आणि ३ रुपये यांचे गुणोत्तर ७५ : ३ असे लिहून चालणार नाही. दोन्ही पैशांत आणा : ७५ : ३००, म्हणजे १ : ४. मिनिटे-तास, ग्रॅम-किलो, सेंटिमीटर-मीटर यांच्या बाबतीतही हीच काळजी घ्यावी.

दुसरी गोष्ट म्हणजे क्रम. 'राहुल व सुजाता यांच्यात ३ : ५' आणि 'सुजाता व राहुल यांच्यात ३ : ५' ही दोन निरनिराळी उदाहरणे आहेत. परीक्षेत घाईने वाचणाऱ्या मुलांचे गुण येथेच जातात. म्हणून उदाहरण लिहून घेताना प्रत्येक संख्येच्या डोक्यावर नाव लिहिण्याची सवय लावावी.

तिसरी गोष्ट, गुणोत्तर शक्य तेवढे सोपे करून घ्यावे. १५ : २० : २५ यापेक्षा ३ : ४ : ५ बरे. हिस्से कमी, तर आकडेमोड कमी, आणि आकडेमोड कमी तर चुका कमी.

चौकटींची रीत

शाळेत एकमान पद्धत शिकवितात. एका वस्तूची किंमत काढायची आणि मग हव्या तेवढ्या वस्तूंची. वाटणीची उदाहरणे त्याच पद्धतीने सुटतात. येथे 'एक वस्तू' म्हणजे 'एक हिस्सा', एवढाच फरक. हा हिस्सा मुलांना दिसावा म्हणून आम्ही त्याची चौकट काढायला लावतो. राहुल व सुजाता यांचे प्रमाण ३ : ५ असेल तर वहीत असे काढावे :

राहुल □ □ □
सुजाता □ □ □ □ □

सगळ्या चौकटी सारख्या आकाराच्या काढाव्यात. नंतर स्वतःला एकच प्रश्न विचारावा : उदाहरणात दिलेली रक्कम यांतल्या किती चौकटींची आहे? आमच्या अनुभवाप्रमाणे सगळी मेख या प्रश्नात आहे. पुढील तीन उदाहरणे पाहा. तिन्हींत गुणोत्तर तेच, ३ : ५ आहे.

(अ) दोघांना मिळून ९६० रुपये मिळाले. प्रत्येकाला किती?
येथे ९६० ही सगळ्या चौकटींची रक्कम आहे. चौकटी ३ + ५ = ८. एका चौकटीचे ९६० ÷ ८ = १२० रुपये. राहुलचे ३६० आणि सुजाताचे ६०० रुपये.

(आ) राहुलला ३६० रुपये मिळाले. सुजाताला किती मिळाले?
येथे ३६० ही फक्त राहुलच्या तीन चौकटींची रक्कम आहे. म्हणून ८ ने नव्हे, ३ ने भागायचे. ३६० ÷ ३ = १२०. सुजाताचे ५ × १२० = ६०० रुपये.

(इ) सुजाताला राहुलपेक्षा २४० रुपये जास्त मिळाले. एकूण रक्कम किती?
चित्रात पाहा, सुजाताच्या चौकटी राहुलपेक्षा किती जास्त आहेत? दोन. म्हणजे २४० ही दोन चौकटींची रक्कम. २४० ÷ २ = १२०. एकूण ८ × १२० = ९६० रुपये.

तिन्ही वेळा एक चौकट १२० रुपयांचीच निघाली, कारण हकीकत एकच होती. ती तीन बाजूंनी सांगितली होती. ज्या मुलाने 'बेरीज करून भागा' असे सूत्र पाठ केलेले असते तो पहिले उदाहरण सोडवितो, आणि दुसऱ्या-तिसऱ्यातही ८ नेच भागून मोकळा होतो. ज्याने चौकटी काढल्या त्याला सूत्र पाठ करावे लागत नाही. दिलेली रक्कम एकूण आहे, एकाची आहे की फरक आहे, हे त्याला चित्रच सांगते.

लीलावतीतले तीन व्यापारी

वाटणीचे हे गणित आजकालचे नाही. भास्कराचार्यांनी इ. स. ११५० मध्ये लिहिलेल्या 'लीलावती' या ग्रंथात तीन व्यापाऱ्यांचे एक उदाहरण आहे. तिघांनी अनुक्रमे ५१, ६८ आणि ८५ असे भांडवल घालून एकत्र व्यापार केला आणि सगळे मिळून ३०० झाले. तर प्रत्येकाच्या वाट्याला किती?

त्या ग्रंथातील रीत अशी आहे की, प्रत्येकाच्या भांडवलाला एकूण रकमेने गुणावे आणि सर्व भांडवलांच्या बेरजेने भागावे. बेरीज २०४ येते. पहिल्या व्यापाऱ्यासाठी ५१ × ३०० = १५३००, त्याला २०४ ने भागले की ७५. याच रीतीने दुसऱ्याचे १०० आणि तिसऱ्याचे १२५ येतात.

आता आपल्या चौकटींनी करून पाहू. ५१, ६८ आणि ८५ या तिन्ही संख्यांना १७ ने भाग जातो. भागल्यावर उरतात ३ : ४ : ५. एकूण १२ चौकटी. ३०० ÷ १२ = २५. म्हणून ७५, १०० आणि १२५. एवढ्या मोठ्या दिसणाऱ्या उदाहरणाचे तोंडी उत्तर निघाले! सोपे रूप देण्याचा फायदा मुलांना पटवून द्यायला यापेक्षा चांगले उदाहरण आम्हांला सापडलेले नाही.

हेच ३ : ४ : ५ आपल्या मंडळाच्या हिशेबातही येऊ शकते. समजा, सहलीसाठी एक बस १८,००० रुपये भाड्याने ठरविली आणि तीन वस्त्यांतून अनुक्रमे १५, २० आणि २५ माणसे आली. भाडे तिन्ही वस्त्यांवर सारखे, सहा-सहा हजार, टाकले तर १५ माणसांच्या वस्तीला माणशी ४०० रुपये पडतात आणि २५ माणसांच्या वस्तीला माणशी २४० रुपये. गुणोत्तराने टाकले तर १२ हिस्से होतात, एक हिस्सा १५०० रुपयांचा. वर्गणी ४५००, ६००० आणि ७५०० रुपये; प्रत्येक माणसाला सारखेच ३०० रुपये. वर्गणी गोळा करणाऱ्यावर कोणी बोट ठेवू शकणार नाही.

थोडी अवघड वळणे

साधी उदाहरणे जमू लागली की पुढील चार प्रकार मुलांकडून करून घ्यावेत. प्रत्येकात एक खोच आहे.

अपूर्णांकातील गुणोत्तर : ५२०० रुपये तिघांत १/२ : १/३ : १/४ या प्रमाणात वाटा. मुले लगेच ५२०० चे निम्मे काढतात. पण निम्मे, तिसरा भाग आणि चौथा भाग यांची बेरीजच एकापेक्षा जास्त, १३/१२ होते. मग रक्कम पुरणार कशी? येथे निम्मे द्या असे म्हटलेले नाही, तर हिश्श्यांचे एकमेकांशी नाते सांगितले आहे. छेदांचा लसावि १२ घेऊन तिन्ही अपूर्णांकांना १२ ने गुणा : ६ : ४ : ३. एकूण १३ हिस्से, एक हिस्सा ४०० रुपयांचा. उत्तर २४००, १६०० आणि १२०० रुपये.

जोड गुणोत्तर : अ आणि ब यांचे प्रमाण २ : ३, ब आणि क यांचे प्रमाण ४ : ५. तर ७००० रुपये तिघांत कसे वाटाल? दोन्हींत ब आहे, पण एकदा तो ३ आहे आणि एकदा ४. त्याला दोन्हीकडे सारखा करा. ३ आणि ४ यांचा लसावि १२. पहिले गुणोत्तर चौपट केले : ८ : १२. दुसरे तिप्पट केले : १२ : १५. आता अ : ब : क = ८ : १२ : १५. एकूण ३५ हिस्से, एक हिस्सा २०० रुपयांचा. उत्तर १६००, २४०० आणि ३००० रुपये.

नाण्यांचे उदाहरण : एका डब्यात १, २ आणि ५ रुपयांची नाणी आहेत. नाण्यांच्या संख्यांचे प्रमाण ४ : ३ : २ आहे आणि एकूण रक्कम २४० रुपये आहे. प्रत्येक प्रकारची नाणी किती? येथे २४० ला ९ ने भागणारी मुले फसतात. ९ ही नाण्यांची संख्या आहे आणि २४० हे रुपये आहेत. नाणी आणि रुपये यांची गल्लत होता कामा नये. एक गठ्ठा करा : १ रुपयाची ४, २ रुपयांची ३ आणि ५ रुपयांची २ नाणी. गठ्ठ्याची किंमत ४ + ६ + १० = २० रुपये. २४० ÷ २० = १२ गठ्ठे. म्हणून नाणी ४८, ३६ आणि २४.

भागीदारी : सिद्धार्थने २०,००० रुपये घालून चहाचे दुकान सुरू केले. सहा महिन्यांनी मिलिंदने ३०,००० रुपये घातले. वर्षअखेर २१,००० रुपये नफा झाला. तो भांडवलाच्या आणि काळाच्या प्रमाणात वाटायचा आहे. नुसते २ : ३ धरले तर सिद्धार्थवर अन्याय होतो, कारण त्याचे पैसे बारा महिने दुकानात होते. म्हणून भांडवलाला महिन्यांनी गुणायचे. २०,००० × १२ = २,४०,००० आणि ३०,००० × ६ = १,८०,०००. गुणोत्तर ४ : ३. एकूण सात हिस्से, एक हिस्सा ३००० रुपयांचा. सिद्धार्थला १२,००० आणि मिलिंदला ९००० रुपये. भांडवल मिलिंदचे जास्त, तरी नफा सिद्धार्थचा जास्त. असे का, हे मुलाला आपल्या शब्दांत सांगता आले की प्रकरण समजले असे समजावे.

जाता जाता वयांच्या उदाहरणांविषयी एक सूचना. धाकट्याचे व थोरल्याचे वय आज १२ आणि २० असेल तर गुणोत्तर ३ : ५ आहे. चार वर्षांनी वये १६ आणि २४ होतील. गुणोत्तर २ : ३ होईल. फरक आठच राहिला, गुणोत्तर मात्र बदलले. दोन्हीकडे सारखी संख्या मिळवली तर फरक टिकतो. दोन्हींना सारख्या संख्येने गुणले तर गुणोत्तर टिकते. हा भेद ज्याच्या लक्षात राहिला तो वयांच्या उदाहरणात फसत नाही.

एका मुलीने आईचा हिशेब मांडला

हे सगळे शिकून काय उपयोग, असे मुले विचारतात. त्यांना आम्ही आमच्याच वर्गातील एक हकीकत सांगतो.

सातवीतली एक मुलगी वर्ग सुटल्यावर थांबून राहिली. तिची आई आणि आणखी तीन बाया, अशा चौघींनी मिळून एका शेतातली खुरपणी उक्ती घेतली होती. कामाचे ७२०० रुपये मिळाले. चौघींतल्या एकीने पैसे आणले आणि सरळ चार सारखे वाटे केले, प्रत्येकीला १८०० रुपये. कोणाच्या मनात काही वाईट नव्हते. पण मुलीने वहीत लिहून आणले होते की आई सहा दिवस गेली, दुसरी बाई सहा दिवस, तिसरी पाच दिवस आणि चौथी तीनच दिवस. तिने विचारले, "सर, हे आपलं वाटणीचंच गणित आहे ना?"

आम्ही म्हटले, "तूच करून बघ."

तिने चौकटी काढल्या. ६ + ६ + ५ + ३ = २०. एक चौकट म्हणजे एका बाईचा एक दिवस. ७२०० ÷ २० = ३६० रुपये. दिवसांप्रमाणे वाटे होत होते २१६०, २१६०, १८०० आणि १०८०. म्हणजे पाच दिवस गेलेल्या बाईला तिचे बरोबर मिळाले होते. आईचे आणि दुसऱ्या बाईचे ३६०-३६० रुपये कमी आले होते आणि तेच ७२० रुपये चौथीकडे जास्त गेले होते. आईचा बरोबर एका दिवसाचा रोज गेला होता. ऊन डोक्यावर घेऊन केलेल्या एका दिवसाच्या कामाचा तो रोज होता.

पुढच्या रविवारी आम्ही विचारले, काय झाले? मुलगी म्हणाली, "आईने सगळ्यांना बसवून माझी वही दाखवली. चौथ्या मावशीचं लेकरू आजारी होतं म्हणून ती तीनच दिवस आली होती. आई म्हणाली, या वेळचं राहू दे, लेकराच्या औषधाला झाले. पण पुढच्या कामापासून दिवस लिहून ठेवायचे आणि वही माझ्या पोरीने मांडायची."

आम्हांला यात दोन गोष्टी महत्त्वाच्या वाटल्या. एक तर, सारखी वाटणी म्हणजे नेहमीच न्याय्य वाटणी असे नाही. काम सारखे, भांडवल सारखे, माणसे सारखी असतील तर सारखी वाटणी योग्य. ती सारखी नसतील तर वाटा प्रमाणात असला पाहिजे. दुसरे असे की, त्या माउलीने ३६० रुपये शेवटी सोडलेच. पण आधी ते न कळता गेले होते. आता तिने ते समजून-उमजून दिले. हिशेब कळल्यावर मन मोठे करायचे की नाही, हे आपल्या हाती राहते. हिशेबच कळला नाही तर दुसरा वाटेल तो आकडा हातावर ठेवतो आणि आपण तो मुकाट्याने घेतो. उक्ते काम असो, बटईची शेती असो, की भावाभावांतली वाटणी असो, कागदावर अंगठा किंवा सही करण्याआधी आपल्या हिश्श्याचा आकडा आपल्याला काढता आला पाहिजे.

पालकांना विनंती

शाळेत न गेलेल्या आई-वडिलांनाही हे गणित मुलांकडून करून घेता येते. बारा चिंचोके किंवा शेंगदाणे घ्यावेत आणि मुलाला म्हणावे, "तुझ्या बहिणीला दोन, तुला एक, असे संपेपर्यंत वाट." वाटून झाल्यावर विचारावे, किती वेळा वाटले? प्रत्येक वेळी किती उचलले? प्रत्येक वेळी तीन, म्हणून चार वेळा. बहिणीचे आठ, त्याचे चार. २ : १ ची वाटणी आणि एक हिस्सा काढण्याचा भागाकार, दोन्ही त्याला हाताने कळले. मग पुस्तकातले उदाहरण परके वाटत नाही. उत्तर चुकले तर रागावू नये, "उरलेले कोणी नेले?" एवढेच विचारावे. आपली चूक मूल स्वतःच शोधून काढते.

सरावासाठी उदाहरणे

१. ८४ मीटर लांबीच्या दोराचे ५ : ७ या प्रमाणात दोन तुकडे करा.
२. सिमेंट, वाळू व खडी १ : २ : ४ या प्रमाणात मिळून ६३ घमेली माल आहे. प्रत्येकाची घमेली किती?
३. एका वर्गात मुलगे व मुली यांचे प्रमाण ४ : ५ आहे. मुली ६ ने जास्त आहेत. वर्गात एकूण विद्यार्थी किती?
४. २१०० रुपये तीन बहिणींत १/२ : १/४ : १/८ या प्रमाणात वाटा.
५. दोन शेतकऱ्यांनी मळणीयंत्र भाड्याने आणले. एकाची ४ एकर आणि दुसऱ्याची ६ एकर मळणी झाली. भाडे ७५०० रुपये. प्रत्येकाने किती द्यावे?
६. एका डब्यात २ रुपयांची व ५ रुपयांची नाणी ५ : ४ या प्रमाणात आहेत. रक्कम १८० रुपये. नाणी किती?

उत्तरे : (१) ३५ मी. व ४९ मी. (२) ९, १८, ३६ (३) ५४ (४) १२००, ६००, ३०० रुपये (५) ३००० व ४५०० रुपये (६) २ रुपयांची ३० व ५ रुपयांची २४.

उत्तर जुळले तरी दोन्ही कसोट्या लावून पाहाव्यात : वाट्यांची बेरीज एकूण रकमेएवढी येते का, आणि वाट्यांचे गुणोत्तर सोपे केल्यावर दिलेलेच येते का? एखादे उदाहरण अडले तर वही घेऊन कोणत्याही रविवारी सकाळी अभ्यासिकेत यावे. मुलांनी यावे, तसेच ज्यांना आपल्या घरचा, कामाचा हिशेब मांडून पाहायचा आहे अशा आई-वडिलांनीही निःसंकोच यावे. चौकटी काढायला आम्ही सर्वजण मदतीला आहोतच.